याचिका निकाली निघाली, मग वसुलीचं पत्र कसं आलं?

प्रश्न: मी जिल्हा परिषद शाळेतून प्राथमिक शिक्षक म्हणून २०१३ साली निवृत्त झालो. वेतननिश्चिती चुकली होती म्हणून पुढच्या वर्षी १,८४,००० रुपयांच्या वसुलीचा आदेश निघाला. उच्च न्यायालयाने त्याला अंतरिम स्थगिती दिली. गेल्या महिन्यात ‘अंतरिम आदेश पाहता याचिकेत काही उरलेले नाही’ असं म्हणून याचिका निकाली काढली. आता पुन्हा वसुलीचं पत्र आलंय. मी जिंकलो की हरलो?

गुरुजी, दोन्ही नाही. खरी अडचण तीच आहे.

‘अंतरिम आदेश कायम करून याचिका निकाली’ असं लिहिलं असतं, तर स्थगिती हाच अंतिम आदेश ठरला असता. मग कार्यालयाने पैसे कापले तर वर्षाच्या आत अवमान याचिका करता आली असती. तुमच्या आदेशात ते शब्द नाहीत. अंतरिम आदेश मूळ याचिकेच्या आधारावर उभा असतो आणि अंतिम आदेशात विलीन होतो, हे सर्वोच्च न्यायालयाने मुंबईतल्या कलाभारती अॅडव्हर्टायझिंग प्रकरणात २०१० साली सांगितलं आहे. म्हणजे याचिका संपली तशी स्थगितीही संपली, आणि वसुलीचा आदेश रद्द न होता तसाच राहिला. इतकी वर्षं स्थगिती चालू असली की सगळेच धरून चालतात, प्रश्न मिटला. तारखेला तेवढं एक वाक्य मागून घ्यायचं राहून जातं आणि म्हातारपणी माणसाला पुन्हा कचेऱ्यांच्या पायऱ्या चढाव्या लागतात. हे मला फार लागतं.

तरी घाबरू नका, तुमची बाजू भक्कम आहे. रफिक मसीह प्रकरणात १८ डिसेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने वर्ग तीन व चारच्या कर्मचाऱ्यांकडून, तसंच निवृत्तांकडून, अशी वसुली करायला मनाई केली. प्राथमिक शिक्षक म्हणून तुम्ही दोन्हींत बसता. कार्यालय बहुधा ‘जादा पैसे मिळाले तर परत करीन’ असं तुमचं हमीपत्र पुढे करेल आणि असं हमीपत्र देणाऱ्याकडून वसुली चालते, असं सांगणाऱ्या सर्वोच्च न्यायालयाच्या २०१६ च्या जगदेव सिंग निकालाचा दाखला देईल. पण त्या प्रकरणातला कर्मचारी न्यायिक अधिकारी होता, वर्ग तीनचा नव्हता. हा फरक तुमच्या वकिलांनी ठासून मांडावा.

आजच न्यायालयाच्या आदेशाच्या प्रमाणित प्रतीसाठी अर्ज करा. याचिकेचा निकाल गुणवत्तेवर व्हावा किंवा अंतरिम आदेश कायम करावा, अशी मागणी करणारा पुनर्विलोकन अर्ज, म्हणजे त्याच न्यायालयाने आदेश पुन्हा तपासावा असा अर्ज, ताबडतोब टाका. आदेशाला तीस दिवस होऊन गेले असतील तर सोबत विलंबमाफीचाही. ‘स्पीकिंग टू मिनिट्स’ नावाच्या दुरुस्तीच्या अर्जावर वेळ घालवू नका, त्यात फक्त टंकनाच्या चुका सुधारतात. नवीन पत्र हे नवीन कारण असल्याने त्याविरुद्ध वेगळी याचिकाही करता येईल, कारण वसुली योग्य की अयोग्य हे अजून कोणत्याच न्यायालयाने ठरवलेलं नाही. पेन्शनमधून कपात सुरू होण्याआधी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. सेवापुस्तकाची नक्कलही मागवा. वेतननिश्चितीच्या पानावर तुमची सही कशाखाली आहे, हमीपत्राखाली की आणखी कशाखाली, ते आधी बघायला हवं.