यादी जरा बाजूला ठेव

प्रिय मुली,

तुझी यादी मिळाली. इजिप्त, ग्रीस, रोम, चीन, माया, पर्शिया आणि शेवटी 'मानवाचा संपूर्ण इतिहास' सांगणारे ते जाडजूड ग्रंथ. यादी मन लावून केली आहेस, दिसतंच आहे. पण "यातलं आधी काय वाचू?" या प्रश्नाचं माझं उत्तर तुला फारसं रुचणार नाही. यातलं काहीच आधी वाचू नकोस. एक प्रदेश निवड आणि वर्षभर तिथेच मुक्काम ठोक.

ग्रंथालयात इतकी वर्षं काढल्यावर एक गोष्ट नजरेला सवयीने दिसायला लागते. जगाच्या इतिहासाचा ग्रंथ परत आला की त्याच्या कडा बघायच्या. सुरुवातीची पानं हाताळून मळलेली असतात, पुढची दुकानातून आल्यासारखी कोरी. वाचणाऱ्याची चूक नसते त्यात. सुमेर आणि बॅबिलोनला मिळून चार पानं, त्यात पहिली लिपी, पहिलं चाक, झिगुरात (टप्प्याटप्प्यांची उंच देवळं), हम्मुराबी राजाचा कायदा, की चला इजिप्तकडे. स्पर्धा परीक्षेला ते चालतं, पण त्या चार पानांत माणूस एकही भेटत नाही. असे ग्रंथ वाईट नसतात. ते नंतर वाचायचे असतात. एखादा प्रांत आपण नीट पाहिलेला असला की लेखकाने त्या प्रांतात कुठे घाई केली ते पटकन कळतं, आणि मग बाकीच्या प्रकरणांवर किती विसंबायचं याचाही अंदाज येतो.

प्रदेश माझ्याकडून सुचवायचा तर मेसोपोटेमिया, म्हणजे तैग्रिस आणि युफ्रेटिसच्या काठचा, आजचा बराचसा इराक. कारण साधं आहे. ही माणसं मातीवर लिहीत होती. ओल्या मातीची पाटी करायची, बोरूच्या टोकाने तिच्यात पाचरीसारख्या खुणा दाबायच्या आणि वाळवायची. कागद आगीत जळतो, माती भाजून पक्की होते. इ.स.पू. 612 मध्ये निनेवे शहर जळलं, तेव्हा असुरबनिपाल राजाचा ग्रंथसंग्रह राखेत गाडला गेला आणि त्यामुळेच टिकला. त्यातल्या 30 हजारांहून अधिक पाट्या आणि तुकडे आज ब्रिटिश म्युझियममध्ये आहेत.

पण सुरुवात राजाच्या संग्रहापासून करू नकोस. सुरुवात कर बायकांच्या पत्रांपासून.

तुर्कस्तानात कायसेरी शहराजवळ क्युलतेपे नावाचं टेकाड आहे. प्राचीन नाव कानेश. साधारण इ.स.पू. 1900च्या सुमारास तिथे असुर शहरातल्या व्यापाऱ्यांची पेठ होती. असुर तैग्रिसच्या काठी, कानेशपासून हजारेक किलोमीटर दूर. गाढवांच्या तांड्यावर कथील आणि लोकरीचं कापड लादायचं, सहा आठवडे चालायचं, कानेशला माल विकायचा आणि चांदी-सोनं परत पाठवायचं, असा हा धंदा. पुरुष कानेशला, बायका असुरला. कापड विणायचं, विणवून घ्यायचं, घर चालवायचं आणि हिशेब ठेवायचा, हे सगळं बायकांकडे. त्यामुळे पत्रव्यवहार अखंड चालायचा. कानेशच्या घरांमधून सुमारे 23 हजार पाट्या निघाल्या आहेत आणि त्यांतल्या पुष्कळशा तळहातावर मावतील एवढ्या आहेत. पत्राला पाकीटसुद्धा मातीचंच असायचं. वरून पातळ मातीचा थर, त्यावर पाठवणाऱ्याची मुद्रा उमटवलेली. पत्र वाचायचं तर पाकीट फोडावं लागे. काही पाकिटं अजून न फोडलेलीही सापडली आहेत.

या पत्रांत लामास्सी नावाची एक बाई आहे. नवरा पुशुकेन कानेशला बडा व्यापारी. ती कापड पाठवते आणि तो तक्रार करतो की माल मनासारखा नाही. ती ठणकावून विचारते, दर वेळी कापडाला नावं ठेवायला काय झालं? एका पत्रात ती सुनावते की तुम्ही गेल्यापासून अमक्याने केवढं मोठं घर बांधलं, आपलं कधी व्हायचं? आणखी एका व्यापाऱ्याची बायको, ताराम-कुबी, नवऱ्याला लिहिते की जाताना घर धुऊन नेलंत, माझ्यासाठी एक शेकेल चांदीसुद्धा ठेवली नाहीत, आणि इथे शहरात दुष्काळ आहे. चार हजार वर्षांपूर्वीच्या असुरबद्दल कुठल्या प्रकरणात काही वाचण्याआधी ही दोन पत्रं वाच. सेसिल मिशेल या फ्रेंच विदुषीने या बायकांची पत्रं इंग्रजीत आणली आहेत.

पुशुकेनबद्दलही एक पत्र आहे. ते लिहिणारा दुसऱ्याच व्यापाऱ्याला आडवाटेने माल नेऊ नकोस म्हणून बजावतोय आणि दाखला देतोय तो पुशुकेनचा: चोरटा माल त्याच्याकडे निघाला होता, वाटेत पकडला गेला आणि राजवाड्याने पुशुकेनला धरून तुरुंगात टाकलं. म्हणजे जकात चुकवायची आडवाट तेव्हाही ठरलेली होती, आणि सगळ्यांना ठाऊकही होती.

वाचताना एक गोष्ट मात्र सतत ध्यानात ठेव. आपल्याकडे आहेत ती कानेशला पोचलेली पत्रं. पुशुकेनने असुरला पाठवलेली उत्तरं जवळपास मिळालेलीच नाहीत, कारण असुरमधली त्या काळातली घरं तशी हाती लागली नाहीत. शेजारच्या खोलीत कुणी फोनवर भांडत असावं आणि आपल्याला एकाच बाजूचं ऐकू यावं, तसं हे आहे. नवरा चिक्कू होता असं ठरवून टाकशील, तर थांब. बायकोचा हिशेब चुकला असेल, पैसे वाटेत अडकले असतील. आपल्याला ते ठाऊक नाही. इतिहासाचं प्रत्येक पुस्तक असल्या अर्ध्या संवादावर उभं असतं. चांगला लेखक ते सांगतो, वाईट लेखक लपवतो.

तुझा पुढचा प्रश्न असायला हवा की हे सगळं वाचलं कुणी आणि ते बरोबर वाचलंय कशावरून? हा प्रश्न न विचारता प्राचीन इतिहास वाचणारी माणसं मला फार भेटतात. त्यांना पिरॅमिड परग्रहवासीयांनी बांधले हेही पटतं, कारण दोन्ही गोष्टी त्यांनी छापलेल्याच वाचलेल्या असतात.

याचं उत्तर एखाद्या रहस्यकथेसारखं आहे आणि त्यातला एक धागा आपल्या मुंबईतून जातो. हेन्री रॉलिन्सन 1827 मध्ये, वयाच्या सतराव्या वर्षी, कंपनीच्या मुंबई फौजेत भरती होऊन आला. त्याच जहाजावर मुंबईचे नवे गव्हर्नर जॉन माल्कम होते आणि त्यांनी या पोराला इराणच्या इतिहासाची गोडी लावली. पुढे इराणात नेमणूक झाल्यावर रॉलिन्सनने बेहिस्तूनच्या कड्यावर चढून प्राचीन इराणच्या पहिल्या दारयवौश (दरायस) राजाचा शिलालेख उतरवायला घेतला. एकच मजकूर जुनी पर्शियन, एलामी आणि बॅबिलोनी अशा तीन भाषांत कोरलेला आहे, म्हणजे एकीच्या आधाराने दुसरी उलगडता येते. बॅबिलोनी भाग इतका अवघड जागी होता की 1847 मध्ये एक कुर्दी मुलगा कड्याला लटकून, ओल्या कागदाचे ठसे घेऊन आला. त्या मुलाचं नाव कुणी लिहून ठेवलेलं नाही.

श्रेय बहुतेक पुस्तकांत रॉलिन्सनला मिळतं. माझ्या मते ते जरा जास्तच मिळतं. आयर्लंडमधल्या एका लहान गावचा पाद्री एडवर्ड हिंक्स घरी बसून, इराकमध्ये पाऊलही न टाकता, या लिपीतली कितीतरी कोडी आधी सोडवून बसला होता. पण कड्यावर चढणाऱ्या लष्करी अधिकाऱ्याची गोष्ट सांगायला जास्त रंगते.

तरी लोकांना शंका होतीच की हे पंडित मनाला येईल ते तर वाचत नाहीत ना? म्हणून 1857 मध्ये लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीने परीक्षा घेतली. नव्याने मिळालेला, असुरच्या पहिल्या तिग्लाथ-पिलेसर राजाचा एक लेख रॉलिन्सन, हिंक्स, टॅलबट (फोटोग्राफीचा शोध लावणाऱ्यांपैकी एक, तोच हा) आणि ओपर्ट या चौघांनी एकमेकांना न विचारता भाषांतरित केला. मोहोरबंद पाकिटं समितीपुढे उघडली आणि मुख्य मजकूर चौघांचाही जुळला. लामास्सीचं भांडण खरं मानावं असं मी म्हणते, ते या पाकिटांच्या जोरावर.

आता एक सवय. कुठलंही पुस्तक हातात घेतलंस की मुखपृष्ठ आणि मलपृष्ठ नंतर बघ, आधी प्रकाशनाचं वर्ष बघ. केतकरांचा महाराष्ट्रीय ज्ञानकोश तुला आजोबांच्या कपाटात सापडेल. त्याच्या प्रस्तावनाखंडांत 'बुद्धपूर्व जग' नावाचा एक अख्खा खंड आहे. एका माणसाने मराठीत केवढा घाट घातला, म्हणून तो जरूर चाळ. पण त्यात मोहेंजोदडो शोधू नकोस. पुरातत्त्व खात्याचे प्रमुख जॉन मार्शल यांनी सिंधू संस्कृतीचा शोध जाहीर केला 20 सप्टेंबर 1924 रोजी, आणि हा खंड त्याआधीचा आहे.

त्या जाहीर लेखात मुद्रांची चित्रं होती, पण त्या किती जुन्या हे मार्शलनाही नक्की सांगता येत नव्हतं. ते सुचवलं मेसोपोटेमिया वाचणाऱ्या माणसांनी. लेख छापून आल्यावर काही दिवसांतच अभ्यासकांनी लिहिलं की असल्या मुद्रा आम्ही तिकडे पाहिल्या आहेत. पुढे किश आणि उर इथे सिंधू मुद्रा काळ ठाऊक असलेल्या थरांत मिळाल्या. आपल्या हडप्पाचं वय असं इराकच्या मातीतून पक्कं झालं. मेसोपोटेमियातल्या अक्कडचा राजा सारगोन इ.स.पू. 2300च्या सुमारास फुशारकी मारतो की मेलुह्हाची जहाजं माझ्या धक्क्याला लागतात. मेलुह्हा म्हणजे सिंधूचा प्रदेश, असं बहुतेक अभ्यासक मानतात. शू-इलिशू नावाच्या, मेलुह्हाची भाषा जाणणाऱ्या दुभाष्याची मुद्रा लूव्र संग्रहालयात आहे. त्याला येत होती ती भाषा आज कुणालाच येत नाही.

इथे एक धोका आहे. एवढा दुवा हाती लागला की 'सगळं आपल्याकडूनच तिकडे गेलं' म्हणणारी पुस्तकं लगेच जवळची वाटू लागतात. नावांचे उच्चार जुळवायचे आणि त्यावर साम्राज्यं उभी करायची, हा त्यांचा उद्योग. पूर्वी ती पुस्तकांच्या दुकानात असत, आता व्हॉट्सअ‍ॅपवर येतात. त्यांच्याशी वाद घालू नकोस, फक्त तळटीप शोध. बहुधा नसतेच.

मेसोपोटेमियाचं गिल्गमेश महाकाव्य वाचशील तेव्हाही हाच मोह होईल. त्याच्या अकराव्या पाटीवर महापुराची कथा आहे: देव चिडतात, एका माणसाला नाव बांधायला सांगितलं जातं, पाणी ओसरतंय का बघायला पक्षी सोडले जातात. जॉर्ज स्मिथने 1872 मध्ये ती ब्रिटिश म्युझियममध्ये वाचली तेव्हा बायबलातल्या नोहाच्या गोष्टीशी असलेल्या साम्यामुळे लंडनमध्ये खळबळ उडाली. तुला मनू आणि मासा आठवेल. आठवू दे, वहीत टिपून ठेव आणि पुढे वाच. 'कुणी कुणाकडून घेतलं' हे पहिल्याच वर्षी ठरवायची गरज नाही.

भाषांतर मात्र असं घे, ज्यात जागोजागी कंस आणि टिंबं आहेत. ती फुटलेली जागा असते. गुळगुळीत, सलग 'पुनर्कथन' घेतलंस तर भाषांतरकाराने स्वतःच्या मनाने किती भरलंय ते कळायचं नाही. आणि इथेही वर्ष बघ. इराकमधल्या सुलेमानिया संग्रहालयाने 2011 मध्ये विकत घेतलेल्या एका पाटीमुळे पाचव्या पाटीत नव्या ओळींची भर पडली. त्या 2014 मध्ये प्रसिद्ध झाल्या. देवदाराच्या रानातला पक्ष्यांचा आणि माकडांचा गलका त्यात आहे. आधीच्या भाषांतरांत ते रान पुष्कळच शांत आहे.

सनांचा घोळ होईल, घाबरू नकोस. हम्मुराबीची कारकीर्द बहुतेक ठिकाणी इ.स.पू. 1792 ते 1750 दिसेल, काही ठिकाणी 1728 ते 1686. छपाईची चूक नाही ती. नंतरच्या एका राजाच्या काळातल्या शुक्राच्या नोंदींवरून हा काळ मोजायचा प्रयत्न झाला, पण शुक्राचं उगवणं-मावळणं ठरावीक वर्षांनी जवळपास तसंच पुन्हा येतं, त्यामुळे एकाच नोंदीला अनेक सनं बसतात. तू एक पद्धत धर आणि वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेव. नकाशाही स्वतःच्या हाताने काढ: दोन नद्या, उर, उरुक, बॅबिलोन, असुर, निनेवे, आणि वर डावीकडे कानेश. काढताना चुकशील तिथलं गाव लक्षात राहील.

पैशांची काळजी नको. मराठी विश्वकोशातल्या नोंदी आंतरजालावर फुकट आहेत. ऑक्सफर्डने सुमेरी साहित्याची भाषांतरं आणि शिकागो विद्यापीठाच्या प्राचीन संस्कृती अभ्यास संस्थेने (पूर्वीची प्राच्यविद्या संस्था) आपली असंख्य प्रकाशनं तशीच खुली ठेवली आहेत. मुंबईला आलीस की छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात इराकमधल्या प्राचीन निमरूद शहराच्या राजवाड्यातले शिलापट बघ. तिथे उत्खनन करणाऱ्या इंग्रज लेयार्डने उकरून काढलेला माल बसऱ्याहून मुंबईमार्गे लंडनला जायचा आणि त्याच्या काही पेट्या इथे मुंबईतच उघडून लोकांना दाखवल्या गेल्या होत्या. लेयार्ड त्यावर चांगलाच वैतागला होता.

माझ्याकडची दोन पुस्तकं स्पीड पोस्टाने पाठवते आहे, एक पत्रांचं आणि एक गिल्गमेशचं. दिवाळीपर्यंत ठेव. पेन्सिलीने हव्या तेवढ्या खुणा कर, शाईने एकही नको. आणि लामास्सीची पत्रं वाचून झाली की कापडाच्या भांडणात तू कुणाच्या बाजूची ते कळव. मी अजून पुशुकेनला सोडलेलं नाही.

तुझी,
मावशी