जकार्त्याला येताय? मुलीचं होईल, तुमचं बघा

ताई, तुम्ही विचारलंय की मिस्टरांना जकार्त्याची ऑफर आहे, मुलगी आठवीत, तिथल्या मुलांत रमेल का. व्हिसा, भाडं वगैरे सगळं ऑनलाइन मिळतं, ते सोडून देते. पण जन्मदाखला आत्ताच काढून बघा. आम्ही 2019 ला आलो, लेकीच्या दाखल्यावर नुसतं तिचं नाव, वडिलांचं वेगळ्या रकान्यात, आणि पासपोर्टवर तिन्ही नावं सलग. ही एकच मुलगी आहे हे पटवण्यात दोन महिने गेले, ते पण अशा देशात जिथे कित्येकांना आडनावच नसतं! आता 2022 पासून इथेही अपोस्टिल, म्हणजे परदेशात कागद खरा धरण्यासाठीचा सरकारी शिक्का, चालतं, तुमचे हेलपाटे कमी होतील. शाळेने मात्र सहावी झालेल्या पोरीला परत सहावीत बसवलं, वय कमी म्हणून. मी भांडले नाही, मुकाट सही करून आले. ते अजून डाचतं.

रमायचं म्हणाल तर इथे ‘नोंगक्रोंग’ असतं. म्हणजे आपला कट्टाच. ताडगुळाची गार दूधकॉफी, एका ग्लासावर तीन तास, विषय काही नाही. मला वाटायचं लेक वाया चालली. शब्द पण एकेक, हलायचा कंटाळा म्हणजे ‘मागेर’, आणि दोन दिवस बांडुंगला जाऊन आलं की ते ‘हीलिंग’. सोळा वर्षांच्या पोरांना कसलं हीलिंग लागतं कोण जाणे. पासार सेनेनच्या बाजारातून लेक जुने जपानी शर्ट आणते. आपल्याकडे जुने कपडे बोहारणीला देतात, ही पैसे देऊन आणते! मी डेटॉलमध्ये दोनदा बुडवते, ती हसते.

आता जे कुणाला सांगितलं नाही ते सांगते. 2022 च्या जुलैत शहराच्या मधोमध दुकुह आतासला, बाहेरच्या चितायम, देपोककडची पोरं लोकलने यायची, स्वस्तातले कपडे घालून झेब्रा क्रॉसिंगवरून फॅशन शोसारखी चालायची. अख्खा देश बघत होता. लेकीला जायचं होतं. मी म्हटलं, “ती लोकलने येणारी पोरं, त्यांच्यात तुझं काय काम?” ताई, मी डोंबिवलीची. लग्नापर्यंत सगळं आयुष्य सात बावन्नच्या लोकलला लटकून काढलंय. तोंडातून गेलं ते गेलं. ती गेलीच, खोटं सांगून, आणि त्यानंतर मला विचारायचंच बंद केलं तिने.

गेल्या वर्षी, 2025 च्या फेब्रुवारीत इथली तरुण पोरं ‘काबुर आजा दुलू’ म्हणायला लागली, म्हणजे आधी इथून पळा तर, पुढचं पुढे. नोकऱ्या नाहीत, पगार पुरत नाहीत. लेकीची मैत्रीण जपानी शिकतेय. मी म्हटलं, आपला देश सोडून कशाला जायचं गं? दोघी माझ्याकडे बघत राहिल्या.

एकटेपणाचं विचारलंत. असतो. गणपतीत जास्त. मराठी मंडळी आहेत, मोदक मिळतात, होतं सगळं.

भाषेचा क्लास मात्र पहिल्याच महिन्यात लावा, मी चार वर्षं घालवली. सोपी आहे. सुआमी म्हणजे नवरा, इस्त्री म्हणजे बायको, आणि आपल्यासारखंच ‘आपण’ वेगळं, ‘आम्ही’ वेगळं, कीता आणि कामी. परवा गाडीत मी ट्रॅफिकवर वैतागून ड्रायव्हरला हॉर्न वाजवायला सांगितलं, तर लेक मागून मराठीतच म्हणाली, “आई, आम्ही नाही असा हॉर्न वाजवत.”