चरित्र अभिनेता कुणाचे चरित्र रंगवतो?

प्रश्न : एका लेखात डेनम एलियट यांना 'ब्रिटिश चरित्र अभिनेते' म्हटले होते. त्यांनी कुणाकुणाची चरित्रे रंगवली? आणि हा शब्द मराठीत योग्य आहे का?

चरित्रांचा इथे काडीचा संबंध नाही. इंग्रजीत 'कॅरेक्टर अ‍ॅक्टर' म्हणजे तऱ्हेतऱ्हेच्या व्यक्तिरेखा ठसठशीत उभ्या करणारा नट; 'चरित्र अभिनेता' हा त्यासाठी हिंदी सिनेमाच्या लिखाणातून आयता उचललेला शब्द. हिंदीत 'चरित्र' म्हणजे वर्तन, शील आणि नाटकातले पात्रसुद्धा. मराठीने ही वाटणी केव्हाच करून टाकली : जीवनकथा ते चरित्र, शील ते चारित्र्य, नाटकातले ते पात्र. त्यामुळे 'चरित्र अभिनेता' म्हणजे थोर पुरुषांच्या भूमिका करणारा नट असे कुणाला वाटले, तर चूक वाचकाची नाही. 'चारित्र्य अभिनेता' लिहिणारेही आहेत. त्यांच्याबद्दल न बोललेले बरे.

'कॅरेक्टर' आणि 'चरित्र' कानाला सारखे लागतात म्हणून दोन्ही एकाच मुळाचे, असे छातीठोक सांगितले जाते. साफ चूक. चरित्र 'चर्' धातूपासून, म्हणजे चालण्या-फिरण्यातून आले. त्याचा भाऊबंद शोधायचा तर 'चक्र' सापडेल. ग्रीक 'खाराक्तेर' आला कोरण्या-ओरखडण्यातून. (इथे 'खरडणे' आठवले असेल, तर मोह आवरा.) टाकसाळीत नाणे पाडायचा कोरीव ठसा, मग त्याने उठलेली खूण, मग माणसाची ओळखखूण, असा त्याचा प्रवास. ग्रीक इतिहासकार हेरोडोटसच्या ग्रंथात मीड लोकांचा राजा अस्त्यागेस गुराख्याच्या घरी वाढलेल्या एका पोराकडे बघतो आणि त्याच्या चेहऱ्याचा 'खाराक्तेर' आपल्यासारखा दिसून चपापतो. तो पोरगा म्हणजे त्याचाच नातू, पुढे इराणचा सम्राट झालेला सायरस.

आता आपली 'मुद्रा' घ्या. राजमुद्रा हा ठसा, मुद्रा हे नाणे, आणि 'त्याची मुद्रा गंभीर झाली' यातला चेहरा. टाकसाळीतून थेट तोंडावर! ग्रीक शब्द ज्या वाटेने गेला, त्याच वाटेने हाही गेला. 'मुद्' म्हणजे आनंद, म्हणून आनंद देते ती मुद्रा, ही पाठशाळेतली व्युत्पत्ती मला पटत नाही. शिक्का उठल्याने कुणाला असा काय आनंद होणार? तिचे नाते फारसी 'मुहर'शी, म्हणजे आपल्या मोहरेशी लावतात, ते अधिक सयुक्तिक. तेव्हा 'कॅरेक्टर अ‍ॅक्टर'ला खरा प्रतिशब्द 'मुद्रानट'. मुद्राभिनय मराठीत आहेच, मुद्रानटाला कोण अडवतो?

गंमत म्हणजे 'टाइप'ही त्याच घरचा. ग्रीक 'तुपोस' म्हणजे ठोक्याने उठलेली खूण. एकाच साच्यात अडकला तो 'टाइप', आणि ज्याचे प्रत्येक नाणे वेगळे तो 'कॅरेक्टर'. हा भेद ग्रीकांचा नाही, माझा आहे. पण एलियट (१९२२–१९९२) यांना तो चपखल बसतो. १९५० च्या दशकात ते तरण्याबांड, सभ्य इंग्रज तरुणांच्या भूमिका करत. पुढे चेहरा सुरकुतला आणि कामे चांगली मिळू लागली. 'ट्रेडिंग प्लेसेस' या चित्रपटातला बटलर कोलमन बघा. कालपर्यंतचा मालक दारात उभा आहे, आणि हा त्याला ओळख देत नाही. अदब तसूभर ढळत नाही, नुसती मुद्रा मिटते, दार मिटावे तशी. इंडियाना जोन्सच्या पहिल्या चित्रपटात (१९८१) त्यांचा मार्कस ब्रॉडी संग्रहालयातला भारदस्त गृहस्थ. १९८९ च्या चित्रपटात तोच परमुलुखातल्या बाजारात इंग्रजी बोलणारे कुणी आहे का, असे विचारत भांबावून हिंडतो. पात्र तेच, नाणे दुसरे.

'सहायक अभिनेता' हा पर्यायही चालणार नाही. एलियट यांना १९८३, ८४ आणि ८५ च्या चित्रपटांसाठी लागोपाठ तीनदा त्या गटातला बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार मिळाला, हे खरे. पण 'सहायक' हे भूमिकेचे माप झाले, जात नव्हे. १९७६ मध्ये बीबीसीने डिकन्सच्या कथेवर 'द सिग्नलमन' केला, त्यात बोगद्याच्या तोंडाशी लाल दिवा आणि घंटेच्या धाकात जगणारा सिग्नलमन हेच होते. १९९१ च्या एका दूरचित्रपटात जॉन ल कारेच्या कादंबऱ्यांतला हेर जॉर्ज स्मायलीही त्यांनीच केला. ही दोन्ही मध्यवर्ती कामे, आणि तरीही कॅरेक्टर अ‍ॅक्टरचीच.

संपादकाला 'मुद्रानट' रुचला नाही, तर सरळ 'कॅरेक्टर अ‍ॅक्टर' लिहा, किंवा वाक्यच फिरवा : 'लहानमोठ्या व्यक्तिरेखा ठसठशीत उभ्या करणारे ब्रिटिश नट डेनम एलियट'. व्यक्तिरेखेतली 'रेखा'ही मुळात ओरखडाच, पण ते पुन्हा कधीतरी.