रशियात जाऊन सिनेमाचं म्युझिक करायचंय म्हणतोय मुलगा, काय करू?

ताई, पत्र वाचलं. मुलगा बारावीत आहे, पियानोच्या सहा ग्रेड झाल्यात, रात्र रात्र लॅपटॉपवर ट्रॅक बनवत बसतो, आणि आता मॉस्कोला जाऊन फिल्म कंपोझर व्हायचं म्हणतोय, तुम्हाला ते खूळ वाटतंय. मला नाही वाटत. फक्त त्याची तयारी भलत्याच बाजूने चाललीय.

तिकडचे सिनेमाला संगीत देणारे लोक बघा ना. इल्या देमुत्स्की, जन्म 1983 चा, सेंट पीटर्सबर्ग कॉन्झर्व्हेटरीत, म्हणजे संगीताच्या कॉलेजात, शिकलेला, 2016 ला 'द स्टुडंट' या सिनेमाच्या संगीतासाठी युरोपियन फिल्म अवॉर्ड मिळालं, पण त्याच्या आधीच्याच वर्षी मॉस्कोच्या बोल्शोई थिएटरला त्याने संगीत दिलेला अख्खा बॅले झाला होता. अलेक्सेई आयगी मुळात व्हायोलिनवाला, स्वतःचा ग्रुप घेऊन कॉन्सर्ट करतो आणि सिनेमेही. नुसत्या सिनेमाच्या भरवशावर राहू नये हे मुलाला आत्ताच सांगा.

आणि सॉफ्टवेअर कितीही येत असलं तरी तिथे कंपोझिशनला ॲडमिशन घेताना स्वतः लिहिलेल्या रचना लागतात, हार्मनी, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या सुरांची मांडणी, कागदावर सोडवावी लागते, कानाने ऐकलेलं नोटेशनमध्ये, म्हणजे स्वरलिपीत, उतरवावं लागतं. त्याला 'लव्हलेस' (2017) या रशियन सिनेमाचं संगीत ऐकायला लावा, मूळचे रशियन पण पॅरिसला राहणारे गाल्पेरिन बंधू यांचं आहे, पियानोवर एकच सूर, ई, परत परत आदळत राहतो आणि हळूहळू बाकीची वाद्यं भोवती जमतात, अंगावर येतं अक्षरशः. सिनेमा न बघता, स्क्रिप्ट न वाचता केलंय ते, डायरेक्टरने नुसती कल्पना सांगितली होती! हे सॉफ्टवेअरच्या प्लगइनमधून येत नाही हो, एका सुराचं काय काय होऊ शकतं हे डोक्यात असावं लागतं.

भाषेचं आत्ताच बघा. पुण्यात असाल तर रानडे इन्स्टिट्यूटला रशियन शिकवतात. तिकडे गेल्यावर साधारण एक वर्ष भाषेच्या तयारीत जातं, ते धरूनच चाला. रशियन सरकारच्या स्कॉलरशिपची चौकशी मुंबईला पेडर रोडच्या रशियन हाऊसमध्ये, म्हणजे त्यांच्या सांस्कृतिक केंद्रात, करा. आणि पैशाचं स्पष्ट बोलते, मार्च 2022 पासून आपली व्हिसा, मास्टरकार्डची कार्डं तिथे चालत नाहीत, त्यामुळे फी आणि महिन्याचा खर्च कसा पोचवायचा हे बँकेत विचारल्याशिवाय कुठल्याच एजंटला ॲडव्हान्स देऊ नका.

सध्या एवढंच करा, लॅपटॉप बाजूला ठेवून दोन व्हायोलिन, व्हिओला आणि चेलोसाठी दोन मिनिटांचा पीस त्याला हाताने लिहू दे आणि वाजवणारे गाठून वाजवून घेऊ दे. ते ऐकून परत लिहायला बसला, तर मला कळवा, पुढचं ॲडमिशनचं बोलू.