मंगेशीचे मंगेशकर, मग सांगलीचे सांगलीकर का?

प्रश्न असा आहे : मंगेशीचे मंगेशकर झाले, गोळवलीचे गोळवलकर झाले, मग सांगलीचे 'सांगलकर' का झाले नाहीत? त्याला जोडून दुसरा प्रश्न : या 'कर'चा अर्थ 'शेतसारा भरणारा' किंवा 'हात' असा सांगतात, तो खरा का?

दुसरा आधी निकालात काढू, कारण तो सोपा आहे. आडनावातला 'कर' हा नुसता प्रत्यय आहे. अर्थ 'त्या गावचा' एवढाच. करवसुलीशी त्याचं नातं नाही आणि हाताशीही नाही. कोकणीत हाच प्रत्यय आजही दीर्घ ऐकू येतो : गोंयकार, मडगांवकार. दिनकर, सुधाकर, कमलाकर या व्यक्तिनामांतला 'कर' मात्र पूर्ण वेगळा, आणि तोही एकच नाही. दिनकर म्हणजे दिवस करणारा, इथे 'कर' म्हणजे करणारा. कमलाकरात तर 'कर' नाहीच, तिथे कमल + आकर आहे. आकर म्हणजे खाण किंवा साठा, म्हणून कमलाकर म्हणजे कमळांनी भरलेलं तळं. रत्नाकर, गुणाकर त्याच घडणीचे. सुधाकर म्हणजे ज्याचे किरण अमृताचे तो चंद्र, तिथे 'कर' म्हणजे किरण. एवढे सगळे 'कर' दिसायला सारखे असल्यामुळे गोंधळ होतो. नाव संस्कृत घडणीचं असेल तर समास सोडवायचा, आडनाव असेल तर आधी गाव शोधायचं.

आता सांगलीकडे. गावाच्या नावाला 'कर' लागताना शेवटची मात्रा कधी गळते, कधी टिकते. गळण्याची उदाहरणं भरपूर : मंगेशी-मंगेशकर, गोळवली-गोळवलकर, डिचोली-डिचोलकर, शिरोडा-शिरोडकर, सातारा-सातारकर, शिरवाडे-शिरवाडकर, माडगुळे-माडगूळकर. (शेवटच्या जोडीत ऱ्हस्व 'गु'चा दीर्घ 'गू' झाला, कारण 'ए' गेल्यावर 'ळ' अकारान्त उरला आणि त्याच्या आधीचा उकार मराठीत दीर्घ होतो. 'माडगुळकर' लिहिणं म्हणूनच चूक.) टिकण्याची उदाहरणंही तितकीच ठळक : पुणेकर, ठाणेकर, गोवेकर, पेडणेकर, पणजीकर, देहूकर.

ही नावं मोठ्याने म्हणून पाहा आणि लिपीतली अक्षरं न मोजता तोंडातले ठोके मोजा. पु-णे, ठा-णे, दे-हू : दोन. 'पणजी' कागदावर तीन अक्षरी, पण उच्चारात पण्-जी, दोनच. 'पेडणे' तसंच, पेड्-णे. 'सांगली' म्हणजे सांग्-ली. उलट मं-गे-शी, गोळ्-व-ली, शि-रो-डा, सा-ता-रा, शिर्-वा-डे हे तीन ठोक्यांचे. छोट्या नावाचा शेवटचा स्वर काढला तर ओळखायला काही उरत नाही, म्हणून तो जपला गेला. लांब नावाला तो सोडणं परवडतं. सांगलीकर व्हायचं मुख्य कारण माझ्या मते हेच.

मात्र याला नियम म्हणू नये, हा कल आहे. साखळी उच्चारात दोनच ठोक्यांचं, तरी आडनाव साखळकर. बडोदे तीन ठोक्यांचं, तरी बडोदेकर. वेंगुर्लेकरमध्ये 'ए' का टिकला हे निदान समजतं : तो गेला असता तर 'र्ल'ला लागून 'क' आला असता आणि जीभ अडखळली असती. मुंबईकर, वसईकर, वाईकर यांत गळायला मात्राच नाही, 'ई' स्वतंत्र अक्षर आहे. ते टिकणारच.

याच यादीत एक सुंदर गोष्ट दडलेली आहे. आज आपण गोवा, बडोदा, वेंगुर्ला म्हणतो. मग आडनावांत 'ए' कुठून आला? ही नावं मराठीत गोवें, बडोदें, वेंगुर्लें अशी नपुंसकलिंगी होती, 'पुणें'सारखी. १९६२च्या लेखननियमांनी शेवटचा अनुस्वार गेला आणि 'पुणे' उरलं, तर काही नावं बोलण्यात आकारान्त होऊन पुल्लिंगी झाली. आडनाव मात्र जुन्या रूपावर थांबलं. गोवेकर हे 'गोवा'वरून झालेलंच नाही, ते 'गोवें'वरून झालं आहे.

म्हणून रहिवासी सांगणारा शब्द आणि आडनाव यांत फरक करावा. रहिवाशासाठीचा शब्द आजच्या नावाला प्रत्यय लावून केव्हाही बनतो, त्यात सहसा काही गाळत नाहीत : डोंबिवलीकर, बारामतीकर, रत्नागिरीकर. आडनाव पिढ्यान्‌पिढ्या तोंडात घासून गुळगुळीत होतं. निंबाळकर पाहा. हे घराणं मूळचं पवार, फलटणजवळच्या निंबळक गावावरून निंबाळकर झालं. निंबळक + कर यात दोन 'क' लागोपाठ येत होते, त्यातला एक गेला. 'नाशिककर'मध्ये तेच दोन 'क' अजून शाबूत आहेत.

आडनावावरून मूळ गाव शोधायचं असेल तर 'कर' काढून उरलेल्या भागाला एकेक शेवट लावून पाहावा : काहीच नको, मग ई, ए, आ. आडनाव आरोलकर असेल तर 'आरोल' नावाचं गाव सापडत नाही म्हणून थांबू नये, आरवली आठवावी. मधलं 'अव'सुद्धा 'ओ' होतं. गावांची नावं तालुकावार पडताळावीत, कारण वडगाव, पिंपळगाव यांसारखी नावं जिल्ह्याजिल्ह्यांत आहेत आणि नुसत्या वडगावकरवरून काहीच ठरत नाही. तिथे कुलदैवत, जुने फेरफार (जमिनीच्या हक्कबदलाच्या नोंदी) आणि 'कर'च्या आधीचं आडनाव यांचा आधार घ्यावा लागतो. हे आधीचं आडनाव बहुधा असतंच, कारण गावात राहणाऱ्याला कोणी गावाच्या नावाने हाक मारत नाही. गाव सोडून दुसरीकडे गेल्यावरच तो अमुककर होतो. म्हणजे आडनाव सांगतं ते घराणं कुठून निघालं हे. तिथे ते किती पिढ्या होतं, हे त्यातून कळत नाही.

कागदावरचं रूपही दिशाभूल करू शकतं. डॉ. बाबासाहेबांचं घराणं सकपाळ, मूळ गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. त्यावरून सरळ रूप होतं आंबडवेकर. पण ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत प्रवेश झाला तेव्हाच्या नोंदीत नाव आहे भिवा रामजी आंबेडकर. 'कर' सोलून 'आंबेड' शोधत निघालेला माणूस आंबडव्याला पोहोचणार नाही.

आणि प्रत्येक 'कर' गावाचा नसतो. मानकर म्हणजे मानाचा हक्क असलेला, मानकरी. कोकण-गोव्यातला गावकर हा 'गाव' नावाच्या गावचा नव्हे, तो गाव वसवणाऱ्या मूळ घराण्यांपैकी, गावच्या कारभारात हक्क असलेला. या दोन आडनावांसाठी नकाशा उघडू नये, तिथे गावच्या मानापानाची कागदपत्रं लागतात.