नाणं कुठे सापडलं, ते आधी सांग

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र आणि सोबत तुझ्या प्रबंधातल्या जुन्या इंग्लंडातल्या चांदीच्या नाण्यांची छायाचित्रं मिळाली. छायाचित्रं सुरेख आहेत आणि सगळीच्या सगळी लिलावांच्या सूचींतून घेतलेली आहेत. त्यांच्यावरचा वेलीतला पक्षी म्हणजे द्राक्षांच्या रूपात ख्रिस्ताचा प्रसाद खाणारा भक्त, की नुसती नक्षी, ह्या पेचात तू अडकली आहेस. मार्गदर्शक म्हणतात, कला की अर्थकारण ते एकदाचं ठरव. घरचे विचारतात, इंग्रजांच्या तेराशे वर्षांपूर्वीच्या चिल्लरीशी आपला काय संबंध. घरच्यांशी मी बोलेन, ते माझ्यावर सोड. उरलेल्या दोन्ही प्रश्नांवर मला एकच सांगायचंय आणि ते जरा रागानंच सांगते: एवढी नाणी जमवलीस, पण एकाखालीही ते कुठे सापडलं हे लिहिलेलं नाहीस.

तुझं लाडकं नाणंच घे, अभ्यासकांनी यू हे अक्षर लावलेल्या मालिकेतलं. शर्टाच्या बटणाएवढं, वजनाला ग्रॅमभर, चांदीचं. एका बाजूला दोन्ही हातांत एकेक क्रॉस धरून उभा असलेला माणूस, पायाखाली एक वाकडी रेघ, बहुधा होडी. दुसऱ्या बाजूला वेलीच्या वळशात बसलेला पक्षी, चोच घडावर टेकलेली. हे सगळं कुणीतरी लोखंडी ठशावर उलटं कोरलं, सेंटिमीटरभर जागेत, आणि तरी त्या पक्ष्याच्या मानेला जी लवचीक कलाटणी आहे ती बिघडली नाही. इंग्लंड-स्कॉटलंडच्या सीमेकडल्या बूकॅसल आणि रथवेलच्या दगडी क्रॉसांवर हीच वेल माणसाच्या उंचीनं चढते आणि तिथेही पशुपक्षी द्राक्षं खाताना दिसतात. हे तू पत्रात नीट लिहिलं आहेस, मी त्यावर आत्ता वाद घालणार नाही. पण त्या नाण्यावर राजाचं नाव नाही, टांकसाळीचं नाही, वर्ष तर नाहीच. मग ते कोणाचं?

साधारण 675 ते 750 ह्या काळातली ही चांदीची नाणी, ज्यांना शॅटा म्हणायची पद्धत पडली आहे, बहुतेक अशीच मुकी आहेत. उत्तरेकडच्या नॉर्थम्ब्रियाच्या आल्डफ्रिथ राजानं (685–704) एका बाजूला आपलं नाव घातलं आणि मागे शेपटी वळवलेला चतुष्पाद. पुढे त्याच प्रदेशात एडबर्ट राजानं (737–758) नाव घातलं, आणि यॉर्कचा आर्चबिशप एग्बर्ट, जो त्याचा भाऊच, त्यानंही. एल मालिकेच्या काही नाण्यांवर लंडनचं नाव येतं, पूर्व आँग्लियात रून ह्या जुन्या लिपीत काही नावं. बाकी सगळीकडे रोमन नाण्यांवरून उचललेले मुकुट, ध्वज, नवसाच्या लेखाची मोडकी अक्षरं. म्हणून नाणेतज्ज्ञ स्टुअर्ट रिगोल्ड ह्यांनी 1960 नंतर त्यांना ए, बी, सी अशी अक्षरं लावून मालिका केल्या. नाव नसलेल्या वस्तूला दुसरं काय करणार? पण अक्षर लावलं म्हणजे घर मिळालं असं होत नाही. घर मिळतं ते फक्त सापडलेल्या जागेवरून.

एच मालिका कशी ओळखली गेली? हॅमविक म्हणजे आजच्या साउथॅम्प्टनच्या जागी खणताना ती भरपूर निघाली आणि बाहेर क्वचितच, म्हणून. कलाटीका लिहून नव्हे. एक्स मालिकेवरचा रोखून पाहणारा दाढीवाला चेहरा, ज्याला वोडन ह्या जुन्या देवाचं नाव देतात, त्याच्यावर किती शाई खर्च झाली! त्याला इंग्लंडातून डेन्मार्ककडे नेलं ते तिथल्या रिबे गावच्या उत्खननातल्या थरांनी. आणि ते साळिंदर नाणं, ई मालिका. काहींना त्यात रोमन मुकुटधारी डोकं दिसतं, काहींना लांडगी. वाद चालू दे. ऱ्हाइनच्या मुखाशी, नेदरलँड्समधल्या डोम्बुर्गच्या किनाऱ्यावर ही नाणी वाळूतून वर आली आणि इंग्लंडातल्या शेतांतही सापडतात. म्हणजे माणसं समुद्र ओलांडून व्यापार करत होती आणि ही चांदी दोन्ही किनाऱ्यांवर चालत होती. चित्राचा अर्थ लागला नाही तरी एवढं कळलं. चित्राचा अर्थ लागला आणि जागा माहीत नसती, तर काय कळलं असतं?

सटन हू आठवून बघ. 1939 मध्ये पूर्व इंग्लंडातल्या त्या जागी, नौकेच्या दफनातून, एक थैली निघाली. तिच्यात 37 फ्रँकिश, म्हणजे आजच्या फ्रान्सकडची, सोन्याची नाणी, प्रत्येक वेगळ्या टांकसाळीचं. सोबत 3 कोऱ्या चकत्या आणि सोन्याच्या 2 लगडी. अँग्लो-सॅक्सन, म्हणजे तेव्हाच्या इंग्लंडातलं, नाणं एकही नाही. नाणेतज्ज्ञ फिलिप ग्रियरसन ह्यांनी सुचवलं की 40 तुकडे हे परलोकाच्या प्रवासातल्या 40 वल्हेकऱ्यांसाठी आणि लगडी सुकाणू धरणाऱ्यांसाठी. पटो न पटो. पण असा विचार करायला तरी वाव मिळाला, कारण ती थैली जागच्या जागी सापडली आणि एकत्र राहिली. तीच 37 नाणी चार व्यापाऱ्यांच्या हातून चार देशांत गेली असती, तर आज ती 37 सामान्य फ्रँकिश नाणी असती. कोणी म्हणेल हे तर उघड आहे. उघड असतं तर तुझ्या तक्त्यात तो रकाना असता.

आता उलटं उदाहरण. मध्य इंग्लंडातल्या मर्सियाच्या ऑफा राजाचं सोन्याचं दिनार. बगदादच्या खलिफा अल-मन्सूरच्या हिजरी 157 च्या, म्हणजे इ.स. 773–74 च्या दिनाराची नक्कल, अरबीत अल्लाच्या एकत्वाची ग्वाही, आणि अरबी ओळींच्या मधोमध, त्यांच्या मानानं उलटं, ऑफा राजाचं नाव. विलक्षण वस्तू आहे, ब्रिटिश म्युझियममध्ये वेळ काढून पाहा. ऑफानं पोपला दर वर्षी 365 सुवर्णनाणी देण्याचं कबूल केलं होतं. हे दिनार एकोणिसाव्या शतकात रोममध्ये विकत घेतलं गेलं. झालं, हे त्याच दानातलं असं सांगणं सुरू झालं. अगं, विकत घेतलेली जागा म्हणजे सापडलेली जागा नव्हे! नाणी विकणारे ती दूरदूरहून आणतात. तो तर्क खरा असेलही, पण त्याचा पाया सापडण्यावर नाही, खरेदीवर आहे. हा फरक ज्याला कळत नाही त्यानं नाण्यांवर लिहू नये, असं मी म्हणते आणि त्यासाठी मला हट्टी म्हणतात.

हट्टी आहेच मी. नाशिककडे माझं सगळं काम झालं, जिथे 1906 साली जोगळटेंभीला नहपानाची 13 हजारांहून अधिक चांदीची नाणी एका ठिकाणी निघाली. त्यांतल्या बहुतेकांवर गौतमीपुत्र सातकर्णीनं आपला छाप पुन्हा मारलेला. एक राजा हरला आणि दुसरा जिंकला, हे तिथे धातूवर लिहिलेलं आहे. असे साठे गावोगावच्या भट्टीत गेलेले मला माहीत आहेत. एका खासगी संग्रहाची सूची करायचं काम माझ्याकडे आलं होतं, मोठं काम, नाव झालं असतं. मालकांनी नाणी कुठून आली हे सांगायला नकार दिला आणि मी काम नाकारलं. सूची दुसऱ्या कोणी केली, छान छापली गेली, सगळे तिचाच आधार घेतात. ते पुस्तक उघडलं की आजही आत काहीतरी हलतं. मी केली असती तर ती अधिक चांगली झाली असती, हे मी उघडपणे म्हणते. तरी नकार दिला तो बरोबरच होता. जागा न विचारता सूची करणारा माणूस पुढच्या चोरट्या खणणाऱ्याला गिऱ्हाईक मिळवून देतो. हे मी तेव्हाही सांगितलं, आणि आजही त्यात एक शब्द बदलायची मला गरज वाटत नाही.

असो. तुझ्याकडे वळते, कारण तू जिथे बसली आहेस तिथे माझ्यापेक्षा कितीतरी जास्त सोय आहे. इंग्लंडात मेटल डिटेक्टर घेऊन शेतं फिरणारी माणसं आहेत, आणि 1997 पासून त्यांच्या सापडलेल्या वस्तूंची नोंद घेणारी पोर्टेबल अँटिक्विटीज स्कीम आहे. केंब्रिजच्या फिट्झविल्यम म्युझियममध्ये सुट्या सापडलेल्या मध्ययुगीन नाण्यांची यादी आहे, घरबसल्या पाहता येते. एक लक्षात ठेव: सुटं एकटं नाणं साधारणपणे 1996 च्या कायद्याखाली 'निधी' ठरत नाही, म्हणून ती नोंद सापडणाऱ्याच्या मर्जीवर आहे. म्हणजे लिंकनशरच्या नांगरलेल्या शेतात कोणीतरी वाकून ते उचलतं आणि जागा सांगायची की नाही हे स्वतः ठरवतं. अशा हजारो माणसांनी सांगितली म्हणून आज आपल्याला ठाऊक आहे की आठव्या शतकाच्या सुरुवातीला ही चांदी बंदरांपुरती नव्हती, आत खेड्यापाड्यांत फिरत होती.

कला की अर्थकारण, ह्याचंही उत्तर तिथेच आहे. 2024 मध्ये फिट्झविल्यममधल्या 49 नाण्यांच्या धातूची तपासणी प्रसिद्ध झाली. 750 पूर्वीची चांदी बायझंटाइन निघाली, बहुधा वितळवलेल्या भांड्यांची. नंतरच्या काळात फ्रान्समधल्या मेल गावच्या खाणीतली. म्हणजे पूर्वेकडे घडवलेलं एखादं चांदीचं ताट इकडे येऊन वितळलं, त्याच्यावर कोणी पक्षी कोरलेला ठसा मारला आणि ते शेवटी एका शेतात पडलं. पक्षी कलेचा, चांदी अर्थकारणाची, हे तुकडे तुझ्या विद्यापीठाच्या विभागांनी केलेत. ज्या माणसाच्या हातून ते नाणं पडलं त्याच्या मुठीत दोन्ही होती. आणि तो कुठे उभा होता हेच तुझ्या प्रबंधात नाही!

रागावू नकोस. तुझी नजर चांगली आहे. पायाखालची रेघ होडी आहे हे तू स्वतः ओळखलंस, मी सांगण्याआधी. म्हणून तर एवढं बोलते.

आता कामाचं. यू आणि व्ही मालिकेतलं प्रत्येक नोंदवलेलं नाणं फिट्झविल्यमच्या यादीतून काढ. परगणा, गाव, उत्खननातलं की शेतातलं, साठ्यातलं की सुटं, असे रकाने कर. जागा नसलेली नाणी वेगळ्या कागदावर घे आणि त्यांच्यावरून एकही निष्कर्ष काढू नकोस, ती कितीही देखणी असोत. मग नकाशावर मांड: टेम्सच्या दोन्ही काठांना किती, पूर्व आँग्लियात किती, समुद्रापलीकडे किती. नकाशा झाला की पाठव. पक्ष्याचा अर्थ त्यानंतर बोलू, आणि तेव्हा मला तुझ्याशी वाद घालायचा आहे, कारण बूकॅसलच्या वेलीबद्दल तू लिहिलेलं मला पूर्ण पटलेलं नाही.

तुझी,
बाई