परकराखालचा पिंजरा

प्रश्न (सातारा): पुतणीच्या लग्नात घागऱ्याखाली घालायला कॅनकॅन आणला, तेव्हापासून डोक्यात घोळतंय. जुन्या चित्रांतल्या युरोपियन राण्यांचे ते एवढाले फुगलेले झगे आतून कशावर उभे असायचे? आणि त्यात त्या बसायच्या कशा हो?

उत्तर: ताई, आतून कड्या असायच्या. सुरुवात स्पेनची, १४७० च्या आसपास तिथल्या दरबारात परकरावर बाहेरून वेताच्या कड्या शिवायला लागले, मग त्या आत गेल्या. १५०१ मध्ये कॅथरिन ऑफ अ‍ॅरागॉन लग्नासाठी इंग्लंडला आली तेव्हा तिच्यासोबत ही फॅशन तिकडे पोचली. पहिली एलिझाबेथ म्हातारी होईपर्यंत तर कंबरेभोवती आडवं चाकच आलं, झगा आधी चाकावर आडवा पसरायचा आणि मग सरळ खाली पडायचा. स्पॅनिश चित्रकार व्हेलाझकेझचं १६५६ चं 'लास मेनिनास' हे चित्र बघा, त्यात मधे उभी आहे ती छोटी राजकन्या मार्गारिता, जेमतेम पाच वर्षांची, तिलाही तसाच रुंद घेर घातलाय. गंमत म्हणजे १६३९ मध्ये स्पेनच्या चौथ्या फिलिप राजाने या घेरावर बंदी घातली होती, फक्त वेश्यांना परवानगी ठेवली, कारण आत गरोदर पोट लपवता येतं अशी ओरड होती. बंदी कुणी फारशी मानली नाही हे त्याच्याच दरबारातल्या या चित्रात दिसतं.

अठराव्या शतकात घेर दोन्ही बाजूंना गेला, पुढून मागून चपटा आणि कंबरेला डावी-उजवीकडे रुंद. काहींना बिजागऱ्या असायच्या, दारातून जाताना दोन्ही बाजू वर उचलून घ्यायच्या. इंग्लंडच्या दरबारात तर कमाल, बाहेर सगळीकडे छातीखाली कंबर असलेले सडपातळ गाऊन आले तरी राणीसमोर जायला हूप, म्हणजे हा कड्यांचा परकर, सक्तीचाच, त्यामुळे घेर थेट छातीखालून सुरू व्हायचा. ही सक्ती चौथ्या जॉर्जने १८२० मध्ये काढली.

आता बसण्याचं. तुम्ही बहुतेक १८५६ नंतरचा पिंजरा डोळ्यासमोर आणताय. त्यात स्टीलच्या बारीक लवचिक कड्या, वर लहान आणि खाली मोठ्या होत जाणाऱ्या, उभ्या कापडी पट्ट्यांना टांगलेल्या, थेट कोंबड्या झाकायच्या डालग्यासारखा आकार. कंबरेला पट्टा, पुढून उघडता येणारा. कड्या एकमेकींना जोडलेल्या नसून पट्ट्यांवर लोंबकळतात, म्हणून बसताना मागच्या कड्या थोड्या वर घेतल्या की एकावर एक दुमडून बसतात, उठलं की परत खाली. सवयीचं काम होतं, पण जमायचं.

प्रश्न (पुणे): हा सगळा बायकांवरचा जुलूमच नाही का? पिंजऱ्यात कोंडल्यासारखं.

उत्तर: तुमचा राग समजतो, पण माझं मत वेगळं आहे. पिंजऱ्याच्या आधी काय होतं ते बघा. चित्रकार विंटरहाल्टरने १८५५ मध्ये फ्रान्सची सम्राज्ञी युजेनी आणि तिच्या सख्यांचं प्रसिद्ध चित्र काढलं, पिंजऱ्याचं पेटंट त्याच्या पुढच्या वर्षीचं, म्हणजे त्या चित्रातला सगळा फुगवटा एकावर एक घातलेल्या परकरांचा आहे, खळ लावलेले, घोड्याच्या केसांच्या कापडाचे, कधी सहा-सहा. ते सगळं वजन कंबरेवर, उन्हाळ्यात घाम, चालताना पाय अडकायचे. स्टीलच्या पिंजऱ्याने ते ओझं एका फटक्यात उतरवलं, पाय आत मोकळे झाले. अमेरिकेत पायजम्यासारख्या सुटसुटीत पोशाखासाठी भांडलेली अमेलिया ब्लूमर, तिनेसुद्धा १८५९ च्या सुमारास तो पोशाख सोडला आणि कारण हेच दिलं की नवा पिंजरा हलका आहे, पुरेसा आहे. आणि स्वस्तही होता, त्यामुळे मोलकरणी, गिरणीतल्या मुलीही घालायला लागल्या. १८६० मध्ये इंग्लंडच्या कोर्टॉल्ड गिरणीने तर कामावर येताना हूप घरी ठेवा अशी नोटीस लावली, यंत्रांमधून फिरताना ते धोक्याचं होतं.

खरा धोका मात्र आगीचा, आणि तो लिहिल्याशिवाय मला राहवत नाही. मलमलीचा किंवा जाळीचा झगा, आत मोकळी हवा, आणि घरोघर उघड्या शेकोट्या, मेणबत्त्या. काठ कुठपर्यंत पोचलाय हे घालणारीला कळत नाही, ठिणगी लागली की आतल्या हवेने ज्वाळा सरळ वर चढते, आणि कड्यांमुळे घोंगडी गुंडाळून विझवायलाही जमत नाही. ८ डिसेंबर १८६३ ला चिलीच्या सान्तियागोमध्ये जेझुइटांच्या चर्चला आग लागली, दोन हजारांहून जास्त माणसं गेली, बहुसंख्य बायका. दारापाशी गर्दी अडकली आणि त्या रुंद झग्यांनी गर्दी अजूनच घट्ट केली. व्यंगचित्रकारांनी वर्षानुवर्षं पिंजऱ्यात अडकलेल्या बाईवर हसून घेतलं, जळणाऱ्या बायकांकडे त्या मानाने किती कमी लक्ष गेलं याचं वाईट वाटतं.

प्रश्न (मडगाव): मग ही फॅशन गेली कधी? आमच्याकडे लग्नाच्या पांढऱ्या गाऊनखाली अजून हूप घालतात.

उत्तर: १८६० च्या दशकाच्या मध्यापासून पुढचा भाग सपाट होत गेला, घेर मागे सरकला, आणि १८७० च्या आसपास पूर्ण पिंजऱ्याची जागा कंबरेमागच्या उशीने आणि छोट्या फ्रेमने घेतली. लग्नाच्या गाऊनखालचा हूप मात्र राहिलाय, आता बहुतेक वेळा प्लॅस्टिकच्या कड्यांचा, दोन-तीनच कड्या असतात. घेताना सगळ्यात खालची कडी जमिनीपासून चांगली वर आहे ना ते चालून बघा, नाहीतर पायऱ्या चढताना टाच तिच्यात जाते.